पडद्यामागून वाचलेली पाटी

चौतीस वर्षं मी प्राथमिक शाळेत शिकवलं. वर्गात कुणी चिंचेवरच्या बाईची गोष्ट काढली की मी त्याला उभं करायची आणि विचारायची, "तू पाहिलीस? स्वतःच्या डोळ्यांनी? नाही ना? मग बस खाली आणि पाढे म्हण." त्यामुळे असल्या सदरात स्वतःचा अनुभव लिहायला बसणं म्हणजे माझ्यासाठी नाक घासण्यासारखंच आहे. इथले अनुभव माझी नात मला वाचून दाखवते. निम्म्या लोकांची झोप झालेली नसते आणि उरलेल्यांनी टीव्ही फार पाहिलेला असतो, असं माझं स्पष्ट मत आहे. तरीही आज तिला म्हटलं, घे लिहून... कारण तोच प्रश्न मला कुणी विचारला तर मला "हो" म्हणावं लागतं. आणि या "हो"चं काय करायचं ते मला इतक्या वर्षांत कळलेलं नाही. चिडचिड होते नुसती.

गाव केनवड, तालुका रिसोड. आता वाशिम जिल्ह्यात आहे, तेव्हा अकोल्यात होतं. पन्नासचं दशक अर्धं सरलं होतं. माझं लग्न होऊन दीड वर्ष झालं होतं. माहेर मंगरूळपीरचं, वडील शाळामास्तर, मी स्वतः सातवी पास. सासरी घरातल्या बायकांत अक्षर ओळखणारी मी एकटीच. माझे यजमान तेव्हा वाशिमला जिनिंगमध्ये कामाला होते, आठ-पंधरा दिवसांनी यायचे. म्हणजे घरात सासरे — त्यांना आम्ही मामाजी म्हणायचो — सासूबाई म्हणजे आत्याबाई, माझे थोरले भासरे, आणि त्यांची बायको वच्छलाबाई. माझी जाऊ.

वच्छलाबाई तिशीच्या आतबाहेर असतील. पहाटे जातं, मग पाणी, शेण, चूल, वावरात भाकरी पोचवणं, परत चूल. त्यांचा आवाज घरात कुणाला ऐकू यायचा नाही. माहेर मानोऱ्याजवळच्या एका खेड्यात — आई आणि भाऊ. आणि त्या माहेरी त्या सात वर्षांत गेलेल्या नव्हत्या.

कारण ऐकाल तर तुम्हालाही राग येईल. सात वर्षांपूर्वी दिवाळीच्या आधी त्यांचा भाऊ त्यांना न्यायला आला होता. जेवायला बसलेला असताना मामाजी त्याच्या बहिणीच्या हातच्या स्वयंपाकावरून काहीतरी टोचून बोलले. तो जेवत्या ताटावरून उठला आणि हात धुऊन निघून गेला. एवढंच. भरल्या ताटावरून उठला म्हणजे घराचा अपमान केला, आता त्यानं येऊन पाय धरावे, मगच पोरगी माहेर पाहील — असं मामाजींनी ठरवून टाकलं. भाऊही तसलाच, तो काही आला नाही. दोन पुरुषांचा ताठा, आणि मधल्यामध्ये हिच्या सात दिवाळ्या गेल्या. दिवाळीला आई लेकीला चोळीचा खण देते, तो सात वर्षांत एकदाही आला नाही. वच्छलाबाई त्याबद्दल कधी बोलल्या नाहीत. भाऊबीजेला तेवढं त्या दिवसभर काहीतरी घासत बसायच्या. घासलेलीच भांडी परत घासायच्या.

आता त्या कार्डाचं सांगते. दसरा झाला होता, कापसाची पहिली वेचणी चालू होती. एका शुक्रवारी मामाजींच्या नावानं पोस्टकार्ड आलं. मामाजींना मोडी झरझर यायची, पण बाळबोध वाचायला त्यांना कंटाळा. म्हणून बाळबोध लिहिलेलं काही आलं की मला दाराआड उभं राहून वाचून दाखवावं लागायचं. मी वाचलं. "मातोश्रींची प्रकृती अत्यवस्थ आहे. सारखे वच्छलेचे नाव घेतात. मागचे विसरून एकवार पाठवावे." खाली भावाची सही.

मामाजी म्हणाले, "आन इकडं." कार्ड घेतलं, टराटरा फाडलं आणि म्हणाले, "कापूस घरात आल्याबगर कोनी कोठी जाईन नाही. अन् तू तोंडातून शबुद काढजो नको."

आत्याबाई तिथंच तांदूळ निवडत होत्या. त्या म्हणाल्या, "आईकलं नं, सिंधू? तोंड बंद."

वच्छलाबाई तेव्हा विहिरीवर होत्या. त्या भरलेली घागर घेऊन आल्या. मी त्यांच्या डोक्यावरची घागर उतरवून घेतली आणि एक अक्षर बोलले नाही. शुक्रवार गेला, शनिवार गेला, रविवार, सोमवार... चार दिवस मी त्या बाईच्या बाजूला बसून भाकरी थापल्या. एकदा तोंड उघडलंही होतं. पण मग वाटलं, मामाजी मला माहेरी पाठवून देतील आणि परत आणणारच नाहीत. एकोणीस वर्षांची होते मी, असं कारण आज देता येतं. तेव्हा मात्र मला आपण भित्र्या आहोत हे नीट कळत होतं.

त्याच आठवड्यात गावात तंबूचा सिनेमा आला. तंबू आमच्याच पडीक वावरात ठोकला होता, म्हणून आमच्या घरच्या बायकांना तंबूवाल्यानं मानानं बोलावणं धाडलं. एरवी मामाजींनी आम्हाला सोडलंच नसतं. पहिले दोन दिवस त्यानं कुठलासा देवादिकांचा बोलपट दाखवला. तिसऱ्या दिवशी यंत्राचा आवाजच बसला. चित्र दिसायचं, पण भोंग्यातून नुसती खरखर. तंबूवाल्यानं हातपाय गाळले नाहीत. त्याच्याकडे पेटाऱ्यात एक जुनापुराणा मूकपट पडलेला होता, तो काढला. पुढे एक पेटीवाला बसवला, तो पेटी वाजवायचा आणि पाटी आली की ती तोंडाला पत्र्याचा भोंगा लावून पुरुषांना वाचून दाखवायचा. मूकपटात माणसं तोंडं हलवतात आणि मधेमधे काळ्या पाटीवर पांढऱ्या अक्षरांत त्यांचं बोलणं येतं, हे आजच्या पोरांना सांगावं लागतं.

पुढे बसायचे पुरुष. आम्ही बायका पडद्याच्या मागे. पडदा म्हणजे पांढरं मांजरपाट, खेळ सुरू व्हायच्या आधी त्यावर पाणी मारायचे, म्हणजे चित्र मागच्या बाजूनंही दिसायचं. पण दिसायचं ते उलटं! उजवीकडचं डावीकडे. अक्षरंही उलटी. पेटीवाल्याचा भोंगा पुरुषांकडे तोंड करून, त्यामुळे आमच्यापर्यंत नुसता गोंगाट पोचायचा. मग बायकांनी मला पुढे केलं, की मास्तरची पोर आहेस, तू वाच. लहानपणी आम्ही बहिणी आरशासमोर पाटी धरून उलटी अक्षरं वाचायचा खेळ खेळायचो, तो असा कामाला आला. पहिल्या दोन पाट्यांना अडखळले, मग जमलं. मंगळवारी, म्हणजे कार्ड आल्याच्या पाचव्या दिवशी, दिवेलागणीनंतरचा तो खेळ. मी अगदी पुढे, माझ्या डावीकडे वच्छलाबाई, त्यांच्या पलीकडे आत्याबाई, मागे गावातल्या चाळीसेक बायका.

सिनेमाची गोष्ट काय होती? एक सून. तिला नावसुद्धा नव्हतं, पाट्यांवर नुसतं "सूनबाई". ती पहाटे उठते, दळते, पाणी भरते, नवऱ्याला वाढते. नवरा भाजी चाखतो आणि ताट सरकवून देतो. ती ते पुसून घेते. दिंडी दरवाजा अर्धा उघडा असतो, त्यातून ती रस्ता बघते आणि सासू दार लावून घेते. अर्धा तास हेच! मला तर संताप आला. घरी जे करून दमून आलो तेच इथं येऊन बघायचं? पण बायका मात्र रंगून गेल्या होत्या.

"अवो, हे त आपल्याच घरचं होय," मागून कुणीतरी म्हणालं.

"आपल्या घरी इतली लख्ख भांडी कोठी हायेत?" दुसरी म्हणाली, आणि सगळ्या हसल्या.

भागी बुढी म्हणून गावात एक म्हातारी होती, बाळंतपणं करायची, तिला कुणाची भीड नव्हती. ती म्हणाली, "बाई डावरी हाये वाटते. डाव्या हातानं दयून राह्यली, पाह्य. डावरीले कायले करून आनली यायनं?"

मी सांगितलं, "बुढे, ती डावरी नाही. आपण मागून बघतोय म्हणून तसं दिसतंय."

"आमाले नको शिकवू. दिसते थे दिसते," बुढी म्हणाली. हे लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

मग ते घडलं. सूनबाई जात्यावर बसलेली होती. बराच वेळ नुसतं दळण चालू होतं, पाटी नव्हती. पुढे पेटीही थांबलेली होती. दळता दळता तिनं मान वर केली आणि समोर बघितलं. म्हणजे आमच्याकडे. आणि पाटी आली.

मी वाचायला लागले. नेहमी मला एक क्षण लागायचा, अक्षरं मनात फिरवून घ्यावी लागायची. या वेळी लागला नाही. मी घडाघडा वाचलं, वर्गात धडा वाचावा तसं —

"तुझी आई तुझे नाव घेत आहे. आठ खण उशाशी ठेवले आहेत. ऊठ, नीघ."

वाचून झाल्यावर मला कळलं की आपण फिरवून वाचलं नाही. अक्षरं सुलटी होती. आमच्या बाजूनं सुलटी.

वच्छलाबाईंनी माझं मनगट धरलं. "काय म्हनलं? पुन्यांदा वाच."

पाटी तिथंच होती. मी परत वाचलं. शब्दन् शब्द तोच. मग पाटी गेली, आणि सूनबाई खाली मान घालून दळत राहिली.

खरं तर इथंच सगळं निभावलं असतं. बायकांना वाटलं ती गोष्ट सिनेमातल्या सुनेच्या आईची. कुणीतरी "अवं माय, बिचारी" असं म्हणालंही. पण आत्याबाईंना राहवलं नाही. त्यांना वाटलं, मी पाटीचं निमित्त करून कार्ड फोडलं. त्या वच्छलाबाईंच्या अंगावरून वाकून मला म्हणाल्या, आणि चांगल्या मोठ्यानं म्हणाल्या, "सिंधे! तुले तोंड बंद ठेव म्हून सांगतलं व्हतं नं?"

झालं. मागच्या बायकांनी माना पुढे काढल्या.

"कायचं तोंड बंद ठेव?" वच्छलाबाई म्हणाल्या. दीड वर्षात त्यांचा इतका स्पष्ट आवाज मी पहिल्यांदा ऐकला. "आत्याबाई... कायचं?"

आत्याबाई पदर तोंडाला लावून बसल्या.

"आता काहून गप बसली व?" भागी बुढी मागून म्हणाली. "पोरगी इचारून राह्यली नं तुले. सांग."

"कारड आलं व्हतं," आत्याबाई म्हणाल्या. "शुक्करवारी."

"माह्या मायचं?"

आत्याबाईंनी मान हलवली. तेवढ्यात पडद्यावर पाटी आली, पुन्हा उलटी, आणि पुढे पेटीवाल्यानं भोंग्यातून ती ठणठणीत वाचली असावी, कारण पुरुषांकडून मोठा हशा आला. मी सवयीनं डोळे फिरवले. लिहिलं होतं, "नाथ, आज मीठ बेताचे आहे ना?" ती पाटी मी मोठ्यानं वाचली नाही.

त्या रात्री घरातल्या पुरुषांना अजून पत्ताच नव्हता. भांडी घासताना वच्छलाबाईंनी मला एकच विचारलं, "कारड तूच वाचलं अशीन?"

मी म्हटलं, "हो."

"बरं," त्या म्हणाल्या.

पहाटे त्या दळायला उठल्या नाहीत. अंगावरच्या लुगड्यानिशी, हातात काही न घेता, वाशिमच्या रस्त्याला लागल्या. चालत! मी उठले तेव्हा त्या वेशीबाहेर गेल्या होत्या. मी भासऱ्यांना उठवून सगळं सांगितलं — भासऱ्यांसमोर तोपर्यंत मी कधी तोंड उघडलेलं नव्हतं. कार्डाचं त्यांना ठाऊक नव्हतं. ते ऐकून घेत होते, मग गोठ्यात गेले आणि बैल जुंपले. मला वाटलं बायकोला फरफटत परत आणणार. पण ते तिला गाडीत बसवून वाशिमला घेऊन गेले, तिथून मोटारीनं मंगरूळपीर आणि पुढे मानोरा. त्या माणसानं बापाला न विचारता आयुष्यात केलेलं हे एकच काम. बाकी सगळा जन्म मान खाली घालून काढला. असो.

इकडे मामाजी उठले आणि घर डोक्यावर घेतलं. "कोनं सांगतलं?" आत्याबाईंनी माझ्याकडे बोट केलं.

"मी नाही सांगितलं," मी म्हणाले. "पाटीवर होतं."

"पाटीवर? सिनेमाच्या?" मामाजी हसले. रागानं हसणं काय असतं ते मी तेव्हा पाहिलं. "चाल, दाखव मले."

भर सकाळी मला पुढे घालून ते तंबूत गेले. तंबूवाला सज्जन माणूस. त्यानं तो सगळा भाग रिळावरून सोडवला आणि उन्हात धरून आम्हाला इंच इंच दाखवला. जात्याचं दृश्य सापडलं. सूनबाई दळते, दळते, दळते... मान खाली. एकदाही वर बघत नाही. मधे पाटी नाही. जोडलेलं नाही, कापलेलं नाही. "माय, इथं पाटी नाहीच," तो मला म्हणाला. "पेटीवाल्याले इचार. तो इथं निवांत तंबाखू मळते."

पेटीवाल्यानंही तेच सांगितलं. पुढे बसलेले पुरुष, तेही तेच म्हणाले. मामाजींनी माझ्याकडे अशी नजर टाकली की विचारू नका.

मग मी चिडून बायकांकडे गेले. चाळीस जणी होत्या मागे! कुणीतरी पाहिलं असेलच ना? एक म्हणाली, हो, आली होती पाटी. दुसरी म्हणाली, पाट्या तर सारख्याच येत होत्या, कोणती ते मी काय सांगू. तिसरी म्हणाली, तू वाचलं म्हणजे आली असेल. "अक्षरं सुलटी होती का?" मी विचारत सुटले. त्यांना बिचाऱ्यांना सुलटं काय न् उलटं काय, दोन्ही सारखंच. मी त्या दिवशी विहिरीच्या काठावर अक्षरशः रडले. साक्षीदार चाळीस, आणि वाचता येणारी मी एकटी. आणि माझ्यावरच आळ.

वच्छलाबाई दिवाळीनंतर परत आल्या, तेरावा करून. निघाल्याच्या दुसऱ्या दिवशी दुपारी त्या माहेरी पोचल्या होत्या. आईनं ओळखलं, नाव घेतलं, हातात हात घेतला. तीन दिवसांनी आई गेली. त्या घरी आल्यावर मामाजी एक शब्द बोलले नाहीत. गावात सगळ्यांना कळलेलं होतं, बोलणार काय?

संध्याकाळी परसात वच्छलाबाईंनी मला एका गाठोड्यातून खण काढून दाखवले. आईच्या उशाखाली ठेवलेले. दर दिवाळीला लेक येईल म्हणून घ्यायचा, आणि आली नाही की उशाखाली सारायचा.

मी मोजले. आठ.

"सात पाहिजेत ना?" मी म्हटलं. "तुमच्या सातच दिवाळ्या गेल्या."

"आठवा यंदाचा," त्या म्हणाल्या. "दसऱ्याच्या बजारातून आनून ठेवला व्हता तिनं. मले ठाऊक नवतं. भावालेबी ठाऊक नवतं." मग माझ्याकडे बघून हसल्या. "तुले कसं ठाऊक व्हतं व, सिंधू?"

आता सांगा. मी जर मनातून रचून बोलले असते, तर सात म्हणाले असते. मला सातच माहीत होत्या. कार्डात खणांचं अक्षर नव्हतं. मी हे त्यांना सांगितलं, शपथा घेतल्या, पाटी सुलटी होती म्हटलं. त्या नुसत्या हसत होत्या. "बरं, बरं. पाटीवर व्हतं. तू लय हुशार हायेस." आणि त्यांनी त्यातला आठवा खण माझ्या हातात ठेवला. हिरवा, लाल काठाचा. "तुह्या हिमतीचा," म्हणाल्या.

मी तो घेतला. नाही म्हणता आलं नाही.

त्याच आठवड्यात नदीवर धुणं धुताना भागी बुढी मला म्हणाली, "मास्तरनी, तू मले खोटं सांगतलं. म्हने मागून पाह्यलं म्हून डावरी दिसते. मंग जवा तिनं आपल्याकडं पाह्यलं, तवा उजव्या हातानं कशी दयत व्हती?"

माझ्या हातातलं लुगडं पाण्यात वाहून गेलं. ते मी धरलं नाही. कारण मला आठवलं... हो, उजव्या हातानं. तिथं नदीवर मला भीती वाटली, पाटी वाचताना नव्हती वाटली. अक्षर न ओळखणाऱ्या बाईनंही ते पाहिलं होतं. नुसती अक्षरंच नाही, ती बाईच आमच्याकडे सुलट झाली होती.

मी मामाजींना सांगितलं. ते म्हणाले, "भागी अफू खाते." विषय बंद.

पुढे आम्ही वाशिमला राहायला आलो, मी ट्रेनिंग केलं, शिक्षिका झाले. नातेवाइकांत मी हे अनेकदा सांगितलं. एक पुतण्या डॉक्टर आहे. तो म्हणतो, काकू, तुमच्या मनावर ताण होता, अपराधी वाटत होतं, मेंदूनं पाटी तयार केली. मी म्हणते, मान्य. मग आठ कुठून आले? योगायोग, म्हणतो. आणि बुढीचा उजवा हात? म्हातारी होती ना, म्हणतो. शिकलेली माणसंसुद्धा मामाजींसारखीच! घरातल्या बाकीच्यांनी तर मला शूर ठरवून टाकलंय. लग्नकार्यात कौतुकानं सांगतात, की आमच्या काकूंनी सासऱ्याच्या नाकावर टिच्चून, सिनेमाची पाटी वाचतेय असं दाखवून, जावेला निरोप दिला. केवढं डोकं! मी "नाही हो" म्हटलं की त्यांना तो माझा विनय वाटतो.

मला राग येतो तो याचाच. भुताचा येत नाही. जे मी केलं नाही त्याचं बक्षीस घेऊन मी फिरतेय.

वच्छलाबाई शेवटची काही वर्षं उपचारासाठी आमच्याकडे असायच्या. एका दुपारी मी त्यांना म्हटलं, आज ऐकून घ्या, हसू नका. "बाई, मी चार दिवस तुमच्या बाजूला बसून भाकरी केल्या आणि तुम्हाला सांगितलं नाही. पाचव्या दिवशीही सांगणार नव्हते. तुमची आई गेल्याचं पत्र आलं असतं ना, तेही मी वाचून गप्प बसले असते. मी सांगितलं नाही. दुसऱ्या कुणीतरी सांगितलं."

त्या हसल्या नाहीत. मग हळूच म्हणाल्या, "मंग तो खन तुहा नाही."

मी म्हटलं, "नाही."

"जिचा हाये तिले दे."

दोन महिन्यांनी त्या गेल्या. तो तंबू केनवडला परत कधी आला नाही. त्या मूकपटाचं नावसुद्धा कुणाला आठवत नाही, खूप विचारलं मी. खण माझ्या ट्रंकेत आहे, न शिवलेला. दर दिवाळीला बाहेर काढते, उन्हात घालते, कसर लागली नाही ना ते बघते, घडी घालून परत ठेवते. माझ्या सुनेनं एकदा विचारलं, आई, शिवत का नाही? मी म्हटलं, माझा नाही तो.

कुणाचा, ते मला सांगता आलं नाही. आजही येत नाही.